सहाजणींचं काम एकटीने: सौकार जानकी

'मेहरबान'मधली नूतन, 'साथी'मधली सिमी गरेवाल, 'फूल और पत्थर'मधली मीनाकुमारी, 'ममता'मधली सुचित्रा सेन, 'संजोग'मधली माला सिन्हा आणि 'गोलमाल'मधली दीना पाठक. या सहाजणींमध्ये अभिनयाच्या दृष्टीने सारखं काय, असं विचारलं तर उत्तर देणं कठीण आहे. कोणी सोशिक, कोणी हट्टी, कोणी कोठ्यावरची, कोणी कलेक्टर, आणि दीनाताई तर खिडकीतून आत शिरणारी खोटी आई. पण तमिळमध्ये या सहाही भूमिका एकाच बाईने केल्या आहेत. तिचं नाव सौकार जानकी.

मराठी प्रेक्षकाला दक्षिणेतल्या जुन्या नट्यांपैकी वैजयंतीमाला, पद्मिनी, वहिदा रेहमान ठाऊक असतात, कारण त्या मुंबईला आल्या. सावित्री हल्ली चरित्रपटामुळे माहीत झाली. सौकार जानकी मात्र मद्रासमध्येच राहिली, त्यामुळे आपल्याकडे तिचं नाव निघत नाही. तिच्याकडे जायची सोपी वाट मात्र आपल्या ओळखीच्या हिंदी सिनेमांतूनच जाते. साठच्या दशकात जेमिनी, एव्हीएम, प्रसाद या मद्रासच्या कंपन्या एकच गोष्ट दोन-तीन भाषांत काढायच्या. पटकथा तीच, प्रसंग तेच, कधी सेटही तेच. बदलायचे ते चेहरे. हिंदीसाठी मुंबईचा स्टार घ्यायचा, कारण उत्तरेतला वितरक त्याच नावावर पैसे द्यायचा. ह्या व्यवहारामुळे आज आपल्याला आयती सोय झाली आहे. गोष्ट माहीत असल्याने भाषेवाचून अडत नाही आणि सगळं लक्ष नटीकडे देता येतं.

आधी थोडी पार्श्वभूमी. जन्म 12 डिसेंबर 1931, राजमहेंद्री, म्हणजे मातृभाषा तेलुगू. सिनेमाच्या आधी मद्रास आकाशवाणीवर नभोनाट्यं. पहिला चित्रपट 1950 चा तेलुगू 'शावुकारु'. नागी रेड्डी आणि चक्रपाणी यांच्या विजया कंपनीचाही हा पहिलाच चित्रपट, नायक एन. टी. रामाराव, दिग्दर्शक एल. व्ही. प्रसाद. हे प्रसाद म्हणजे मुंबईत उमेदवारी केलेले, 'आलम आरा'त छोटी भूमिका केलेले तेच. दोन शेजारी घरांत भांडण होतं आणि त्यात पोरापोरीचं लग्न अडकतं, अशी साधी ग्रामीण गोष्ट. चित्रपटाचं नाव तिच्या नावाला कायमचं चिकटलं. आपल्याला 'सौकार' वाचून जो सावकार आठवतो, तोच तो. पहिल्या चित्रपटाच्या वेळी तिचं लग्न झालेलं होतं आणि पदरात मूल होतं. पुढे पंधरा वर्षं तिच्या वाट्याला बायको, वहिनी, विधवा अशाच भूमिका का आल्या, याचं थोडं उत्तर त्या काळाच्या नजरेत आहे. नाचरी, अल्लड नायिका म्हणून तिला कोणी पाहिलंच नाही. 1955 च्या 'रोजुलु मारायि'त नायिका ती होती, पण आज तो चित्रपट लक्षात आहे तो एका नाचासाठी, आणि तो नाच होता वहिदा रेहमानचा. त्याच वर्षीच्या 'कन्याशुल्कम'मध्येही मधुरवाणी ही ठसकेबाज कलावंतीण सावित्रीला मिळाली आणि बालविधवा बुच्चम्मा जानकीला.

इथपर्यंत वाचून वाटेल की ही रडणाऱ्या बायांच्या रांगेतली आणखी एक. तमिळमध्ये तिची पहिली ओळख अगदी हीच होती. गोष्ट बदलते ती पुढे, आणि कशी बदलते हे पाहायचं तर चित्रपट ओळीने घ्यायला हवेत.

1960 चा 'पडिक्काद मेदै'. दिग्दर्शक ए. भीमसिंग. एका श्रीमंत घरात वाढलेला, अक्षरशत्रू, भोळा, राबणारा रंगन म्हणजे शिवाजी गणेशन आणि त्याची बायको लक्ष्मी म्हणजे जानकी. यालाच आपण 1967 च्या 'मेहरबान'मध्ये सुनील दत्त आणि नूतन म्हणून पाहिलं, दिग्दर्शक तेच. शिवाजी गणेशनसमोर उभं राहायचं म्हणजे काय, हे त्या काळच्या तमिळ नट्यांनाच ठाऊक. आवाज, डोळे, हात, सगळ्याने तो पडदा व्यापायचा. त्याच्याइतकं मोठं करायला गेलं की दोघंही भडक दिसतात, आणि अगदी लहान केलं की पुसून जायला होतं. जानकीने तिसरा मार्ग काढला: वेग. तो वाक्य ताणतो, ती लगेच, न थांबता, सपाट आवाजात उत्तर देते. नवऱ्याचं भोळेपण जिला रोज निस्तरावं लागतं अशा बाईचा तो आवाज आहे. नूतनची लक्ष्मी जास्त शांत, जास्त सुंदर आहे. जानकीची लक्ष्मी व्यवहारी आहे. गोष्टीला दुसरी जास्त लागू पडते असं माझं मत.

पुढच्याच वर्षी 'पालुम पळमुम'. पुन्हा भीमसिंग, पुन्हा शिवाजी. कर्करोगावर संशोधन करणारा डॉक्टर, त्याची परिचारिका बायको शांती (बी. सरोजादेवी), तिला क्षय होतो, नवऱ्याच्या कामात आपला अडथळा नको म्हणून ती निघून जाते, ती मेली असं सगळे समजतात आणि डॉक्टर दुसरं लग्न करतो नलिनीशी. नलिनी म्हणजे जानकी. प्रेक्षकाची सगळी माया शांतीकडे. नलिनी नुसती मध्ये आलेली. हिंदी 'साथी'त ही भूमिका सिमीने केली आणि तिला सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. सिमीची रजनी शिष्ट, आधुनिक. जानकीची नलिनी तापट आहे, पण तिचं म्हणणं खरं आहे हे ती विसरू देत नाही: लग्न केलंत ना, मग माझ्याकडे बघा. खलनायिकेच्या जागेवर उभं राहून हक्क मागणं, हे पुढे तिचं हुकमी काम झालं.

मग 1964 चा 'पुदिय परवै', आणि इथे सगळंच उलटलं. शिवाजी फिल्म्सची स्वतःची निर्मिती, रंगीत, दिग्दर्शक दादा मिरासी, संगीत विश्वनाथन-राममूर्ती. मूळ गोष्ट 1958 च्या एका ब्रिटिश रहस्यपटाची, तिच्यावरून बंगालीत 'शेष अंक' आला आणि त्यावरून हा. नायक गोपाल बोटीवरून येताना लता नावाच्या मुलीच्या प्रेमात पडतो. पण आगगाडी दिसली की तो थरथरतो. मग तो आपल्या मेलेल्या बायकोची, चित्राची हकिगत सांगतो: सिंगापूरच्या क्लबमध्ये गाणारी, लग्नानंतर बेताल झालेली, शेवटी रुळांवर सापडलेली. आणि गोपालच्या नव्या आनंदाच्या ऐन वेळी एक बाई दारात उभी राहते आणि म्हणते, मीच चित्रा.

पुढे सांगत नाही. हा चित्रपट रहस्य माहीत नसताना एकदा आणि माहीत झाल्यावर एकदा असा दोनदाच पाहायचा असतो, आणि जानकीचं काम दुसऱ्यांदा पाहतानाच कळतं. पूर्वार्धातली चित्रा आपल्याला गोपालच्या तोंडून कळते. म्हणजे ती जशी होती तशी दिसत नाही, नवऱ्याला जशी दिसली तशी दिसते. उत्तरार्धात आलेली बाई मात्र आपल्या समोर, सगळ्यांच्या समोर वावरते. दोन्ही वेळा चेहरा एकच, साड्यांचा थाट तोच, पण ही दुसरी बाई इतकी शांत आहे की आपल्याला गोपालचाच संशय यायला लागतो. सगळा चित्रपट या एका संशयावर तोललेला आहे. तिने जरा जास्त डोळे वटारले असते, जरा कुत्सित हसली असती, तर गोष्ट तिथेच फुटली असती.

'पार्थ ञाबगम् इल्लैयो' हे पी. सुशीला यांनी गायलेलं गाणं तेवढं तरी नीट पाहा. क्लब, पाश्चात्त्य वाद्यमेळ, बसून ऐकणारा शिवाजी. त्या काळी क्लबच्या गाण्यात काय करायचं हे ठरलेलं होतं: तोकडे कपडे आणि वेगवान नाच. जानकी साडीत आहे आणि जवळजवळ नाचतच नाही. खांदा थोडा वळवते, मान कलते, नजर तिरकी जाऊन परत येते. शब्दांचा अर्थ एवढाच की पाहिल्याचं आठवत नाही का, आणि ती ते लाडात विचारत नाही, विचारून सोडून देते. पुढे हेच गाणं पुन्हा येतं, उदास लयीत. तेव्हा तेच शब्द ऐकून अंगावर काटा येतो. पंधरा वर्षांच्या रडण्याचा शिक्का या एका गाण्याने पुसला, असं तमिळ रसिक आजही म्हणतात.

याच सुमाराला तिला तिच्या जातकुळीचा दिग्दर्शक भेटला. के. बालचंदर. मद्रासच्या महालेखापाल कार्यालयात नोकरी, संध्याकाळी नाटकं. 1965 चा 'नीर्क्कुमिळी' हा त्याचा दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट; सगळी गोष्ट एका इस्पितळात घडते, मुख्य रुग्ण नागेश आणि डॉक्टर इंदिरा म्हणजे जानकी. बालचंदरचे सुरुवातीचे चित्रपट नाटकावरून आलेले, त्यामुळे त्यांत एक खोली, पाच-सहा माणसं आणि बोलणं, बोलणं, बोलणं. देखण्या नायिकांची इथे पंचाईत व्हायची, कारण कॅमेरा त्यांना सजवत बसत नाही आणि संवाद मात्र आगगाडीसारखे येतात. जानकीकडे नभोनाट्याचा सराव होता. चेहरा दिसत नसताना नुसत्या आवाजावर बाई उभी करायची सवय. वाक्यात श्वास कुठे घ्यायचा, समोरच्याचं वाक्य संपायच्या आत कुठे घुसायचं, हे तिला नेमकं कळायचं. बालचंदर आणि जानकी ही जोडी जमली ती या कारणाने.

'भामा विजयम' (1967) आपल्याला नावाने नाही, पण गाण्याने माहीत आहे. मध्यमवर्गीय घर, सासरा, तीन मुलगे, तीन सुना. शेजारी एक सिनेनटी राहायला येते आणि तिच्यासमोर बडेजाव मिरवायला तिघी हप्त्यांवर सामान आणत सुटतात. सासरा म्हणजे टी. एस. बालय्या, मुलगे मेजर सुंदरराजन, मुत्तुरामन आणि नागेश. सुना सौकार जानकी, कांचना, जयंती. तमिळ गाणं आहे 'वरवु एट्टणा, सेलवु पत्तणा', म्हणजे आवक आठ आणे, खर्च दहा आणे. जेमिनीने 1968 साली हाच चित्रपट हिंदीत 'तीन बहुरानियाँ' म्हणून काढला आणि गाणं झालं 'आमदनी अठन्नी, खर्चा रुपैया'. म्हणजे तमिळ घरात दोन आण्यांची तूट होती, ती हिंदीत येईपर्यंत आठ आण्यांची झाली. हिंदीत सासरा पृथ्वीराज कपूर, मुलगे आगा, रमेश देव, राजेंद्रनाथ, आणि सिनेनटी आपली सोलापूरची शशिकला. सुना मात्र जेमिनीने बदलल्या नाहीत. त्याच तिघी, जानकीसह. म्हणजे हिंदी वळणात तिला पाहायचं तर हा चित्रपट हाताशी आहे. दोन्ही पाहिले तर एक फरक लक्षात येतो: तमिळमध्ये ती वाक्याच्या शेवटी जो झटका देते, तो हिंदीत गळतो. भाषा तोंडात बसलेली नसली की विनोदाची वेळ पहिल्यांदा चुकते, भाव नंतर. म्हणून तिला फक्त 'तीन बहुरानियाँ'वरून जोखू नका.

आता 'एदिर नीच्चल', 1968. मला विचाराल तर तिचं सर्वांत चांगलं काम हे, 'पुदिय परवै' नव्हे. एका मोठ्या घरात भाडेकरू राहतात आणि मादू नावाचा अनाथ पोरगा (नागेश) सगळ्यांची कामं करून जिन्याखाली राहतो, शिकतो. भाडेकरूंमध्ये एक ब्राह्मण जोडपं, किट्टु मामा आणि पट्टु मामी. श्रीकांत आणि जानकी. हिंदीत मेहमूदने 'लाखों में एक' केला तो याच्यावरून. चाळीवर पोसलेल्या मराठी प्रेक्षकाला हा चित्रपट परका वाटायचं कारणच नाही. कोणाच्या घरात काय शिजतंय हे सगळ्यांना माहीत, आणि पोराच्या कष्टांवर प्रत्येकाचा हक्क.

पट्टु मामी दुष्ट नाही, देवमाणूसही नाही. ती नवऱ्याला टोचून बोलते, पोराला कामाला लावते आणि त्याची काळजीही करते. 'अडुत्तात्तु अंबुजत्तै पात्तेळा' हे वाली यांनी लिहिलेलं, व्ही. कुमार यांच्या संगीतातलं गाणं टी. एम. सौंदरराजन आणि सुशीला यांनी गायलंय. मामी विचारते: शेजारच्या अंबुजमला पाहिलंत का, तिचे यजमान तिचे कसे लाड करतात ऐकलंत का? नवरा उत्तर देतो, ती पुढचं टोचते, तो पुन्हा उत्तर देतो. गाणं म्हणजे ठेक्यात बसवलेलं घरचं भांडण. यात दोन गोष्टी पाहण्यासारख्या. एक, तिची बोली. तमिळ ब्राह्मणांच्या घरात बोलली जाणारी ही भाषा सुरांत वरखाली जाते, शब्द चिरडले जातात, आणि तिची तर मातृभाषाही तमिळ नाही. दोन, चेहऱ्यावरचा हिशेब. तक्रार करताना तिचा एक डोळा नवऱ्यावर असतो, आपण कुठवर ताणू शकतो याचा अंदाज घेत. खरं भांडायचं नाहीच, ऐकून घ्यायला हवंय. सुशीला यांचा आवाज आणि तिचे ओठ यांत कुठे सांधा दिसत नाही, कारण गाणं गातानाही ती बोलतेच आहे.

इथे उपशीर्षकांचा घोळ होतो. ऑनलाइन मिळणाऱ्या प्रतींवरची इंग्रजी उपशीर्षकं बोलीचा सगळा मसाला काढून टाकतात. मामी पाच शब्दांत टोमणा मारते आणि खाली दोन शब्दांत माहिती येते. त्यावर उपाय असा की प्रसंग एकदा उपशीर्षकांसह बघायचा, अर्थ कळला की ती बंद करून पुन्हा नुसता ऐकायचा. मराठी कानाला तमिळ स्वर परके असले तरी टोमणा कळतो.

पुढचं वर्ष 'इरु कोडुगळ'चं. जोसेफ आनंदन यांच्या नाटकावरचा, पुन्हा बालचंदर, आणि तमिळमधल्या उत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा. गोपीनाथ (जेमिनी गणेशन) कलेक्टर कचेरीत कारकून. पूर्वी त्याचं जानकीशी लग्न झालेलं, आईमुळे मोडलेलं. आता जयाशी (जयंती) संसार आहे, मुलं आहेत. आणि नवी कलेक्टर म्हणून बदलून येते ती पहिली बायको. शीर्षकाचा अर्थ दोन रेघा: एका रेघेला हात न लावता ती लहान करायची तर शेजारी मोठी रेघ ओढायची. 'संजोग'मध्ये हीच गोष्ट माला सिन्हा, अमिताभ बच्चन, अरुणा इराणी यांनी केली आणि ती हिंदीत का बसली नाही हे पाहणं उद्बोधक आहे. माला सिन्हाची कलेक्टर पहिल्यापासून दुखावलेली स्त्री आहे. जानकीची कलेक्टर आधी कलेक्टर आहे. फाइल हातात घेते, सही करते, समोरच्याकडे न बघता पुढचा प्रश्न विचारते. गोपीनाथसमोर कचेरीत ती एका शब्दानेही ओळख दाखवत नाही, आणि त्यामुळेच घरातल्या प्रसंगात तिचा आवाज खाली आला की प्रेक्षक गलबलतो. कचेरी खरी असल्याशिवाय हा ताण निर्माण होत नाही. लेखापाल कार्यालयात वर्षं काढलेल्या बालचंदरला कारकुनाची मान किती अंशांत झुकते ते नक्की माहीत होतं.

यातलं 'पुन्नगै मन्नन' हे सुशीला आणि के. जमुनाराणी यांचं द्वंद्वगीत म्हणजे दोन बायकांची एका कृष्णावरची ओढाताण, रुक्मिणी आणि भामा यांच्या आडून. जयंती मोकळेपणाने भामा होते. जानकीला रुक्मिणीही व्हायचं आहे आणि कलेक्टरही राहायचं आहे. हसू ओठांवर येतं, आणि डोळ्यांपर्यंत पोचायच्या आत ती ते आवरते.

मधल्या दोन व्यावसायिक चित्रपटांवर फार थांबत नाही. 'उयर्न्द मनिदन' (1968) हा एव्हीएमचा, शिवाजीचा 125 वा चित्रपट. त्यात ती कडक, मूल नसलेली श्रीमंत बायको. 'पाल पोलवे' या त्यातल्या गाण्याने पी. सुशीलांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'ओळि विळक्कु' (1968) हा एमजीआर म्हणजे एम. जी. रामचंद्रन यांचा 100 वा, 'फूल और पत्थर'चा तमिळ अवतार, दिग्दर्शक तापी चाणक्य, म्हणजे 'रोजुलु मारायि'वालेच. मीनाकुमारीची विधवा इथे जानकी. आजारी नायकासाठी ती देवाला आळवते ते गाणं 1984 साली, एमजीआर मुख्यमंत्री असताना आजारी पडले तेव्हा, तमिळनाडूच्या चित्रपटगृहांत पुन्हा पुन्हा वाजवलं गेलं. प्रेक्षक उभे राहून प्रार्थना करत. अभिनय म्हणून ते गाणं सरधोपट आहे, पण तमिळ घरांत तिचा चेहरा पोचला तो बऱ्याच अंशी त्यामुळे.

'काविय तलैवी' (1970) तिने स्वतः काढला. बंगाली 'उत्तर फाल्गुनी' आणि हिंदी 'ममता', दोन्हीकडे सुचित्रा सेन. आई आणि मुलगी अशी दुहेरी भूमिका. दिग्दर्शक बालचंदर, नायक जेमिनी गणेशन. अडतिसाव्या वर्षी नायिकेच्या भूमिका कोणी देत नसेल तर स्वतःच चित्रपट काढायचा, हा धडाका मोठा. पण प्रामाणिकपणे सांगायचं तर इथे सुचित्रा सेन सरस ठरते. कोठ्यावरच्या आईचं दुःख जानकी बोलून दाखवते. सुचित्रा ते न बोलता नुसती वळून बघते. तरुण मुलीच्या वेषात जानकी थोडी अवघडलेलीही वाटते. बालचंदरचं भरपूर बोलणं जिथे 'इरु कोडुगळ'ला तारतं, तिथेच ते या मेलोड्रामाला जड करतं.

आणि मग 1981 चा 'तिल्लु मुल्लु'. 'गोलमाल' पाठ असलेल्या कुणीही इथूनच सुरुवात करावी. अमोल पालेकरांच्या जागी रजनीकांत (एका मराठी माणसाची भूमिका दुसऱ्या मराठी घरातल्या माणसाकडे गेली), उत्पल दत्तच्या जागी तेंगै श्रीनिवासन, संवाद विसूचे, दिग्दर्शन बालचंदर. दीना पाठकची भूमिका जानकीला. दीनाताईंची गंमत त्यांच्या निरागसपणात होती. खोटं बोलताना त्या स्वतःच बावरायच्या. जानकीची मीनाक्षी दुरैसामी मात्र खोटेपणाचा आनंद लुटते. आधी सभा-समारंभांत मिरवणारी फॅशनेबल बाई, मग पदर घट्ट ओढून सोज्वळ आई. एकतीस वर्षं पडद्यावर सोज्वळ आई, सोज्वळ बायको केल्यावर तीच सोज्वळता नाटकी करून दाखवायची संधी तिला मिळाली, आणि तिने ती सोडली नाही. डोळे पुसण्याची पद्धतसुद्धा तिच्याच जुन्या चित्रपटांतली आहे, फक्त एक ठोका उशिरा.

तेव्हा क्रम असा ठेवा. पहिला 'तिल्लु मुल्लु', कारण गोष्ट माहीत आहे आणि हसू फुकट आहे. मग 'भामा विजयम'. मग 'पुदिय परवै', त्याबद्दल कुठेही काही न वाचता. नंतर 'एदिर नीच्चल' आणि 'इरु कोडुगळ' लागोपाठ, शक्यतो दोन दिवसांत, म्हणजे मामी आणि कलेक्टर एकच बाई आहे यावर विश्वास बसत नाही तो अनुभव मिळतो. 'पडिक्काद मेदै' आणि 'पालुम पळमुम' शेवटी. हे दोन आधी पाहिले तर बहुतेक जण रडारडीला कंटाळून तिथेच थांबतात.

प्रत निवडताना एक काळजी घ्या. साठच्या दशकातले बरेचसे तमिळ चित्रपट चौकोनी पडद्याचे आहेत. आजच्या रुंद पडद्यावर बसवायला काही वाहिन्या चित्र आडवं ताणतात, काही वरखाली कापतात. ताणलेल्या प्रतीत सगळे जाडे दिसतात, ते लगेच ओळखू येतं. कापलेली प्रत जास्त घातक, कारण जवळच्या दृश्यात कपाळ आणि हनुवटी जाते, आणि जानकीचं निम्मं काम भुवयांत आहे. डाव्या-उजव्या बाजूला काळे पट्टे असलेली प्रत दिसली तर तीच घ्या. शिवाय दूरचित्रवाणीवरून उतरवलेल्या प्रतींत गाणी गाळलेली असतात. 'एदिर नीच्चल' पाहताना अंबुजमचं गाणं आलं नाही तर प्रत बदला.

शोधताना नावांचा गोंधळ होतो तो वेगळाच. जानकी तिघी आहेत. एस. जानकी ही पार्श्वगायिका, व्ही. एन. जानकी ही एमजीआरची पत्नी आणि काही काळ मुख्यमंत्री झालेली नटी, आणि तिसरी ही. 'जानकी हिट्स' म्हणून शोधलंत तर पहिलीचीच गाणी येतात, आणि आपल्या जानकीला पडद्यावर बहुतेक वेळा आवाज सुशीलांचा असतो. रोमन लिपीत सौकार चार-पाच तऱ्हांनी लिहितात, म्हणून चित्रपटाचं नाव आणि वर्ष घालून शोधणं सोपं. तमिळ अक्षरांतलं नाव कुठून तरी उचलून चिकटवलं तर चांगल्या प्रती वर येतात. 2022 साली तिला पद्मश्री मिळाली, त्या वेळच्या मुलाखतीही सापडतील. आणि 2020 चा 'बिस्कोत', जो तिचा चारशेवा चित्रपट म्हणून गाजवला गेला, तो मात्र तिच्यासाठी म्हणून बघायला जाऊ नका, त्यात तिच्या वाट्याला फार काही नाही.